पाच पुड्या आणि एक लांब शब्द

हे लिहावं की नाही, ते ठरवायला मला पाच-सहा महिने लागले. आमच्या घरात आजवर कुणी काही लिहिलेलं नाही. बा सही करतो, माय अंगठा लावते, अक्काची शाळा सातवीला सुटली. कॉलेजात जाणारा मी पहिलाच. माझी एखादी ओळ चुकली तर घरात ती दुरुस्त करणारं कुणी नाही, हे वाचणाऱ्यांनी समजून घ्यावं.

आमचे रसायनशास्त्राचे सर म्हणाले, "तुला झालं ते लिहून काढ. तो शब्द पुस्तकात सापडतो. घरात आल्यावर तो काय करतो, हे कुठल्या पुस्तकात नाही." म्हणून लिहितो आहे. ज्यांच्या घरी असाच ताप, अशाच गोळ्या आणि असाच रंग दिसेल त्यांच्या उपयोगी पडावं, एवढीच इच्छा.

शब्द असा आहे: ग्लुकोज-सिक्स-फॉस्फेट डिहायड्रोजिनेज. डॉक्टर लोक थोडक्यात जी-सिक्स-पीडी म्हणतात. एका दमात म्हणायला मला आठवडा लागला. मायला त्याहून जास्त दिवस लागले, पण तिला तो माझ्यापेक्षा चांगला कळला आहे. ते पुढे येईल.

*

पिंगळी स्टेशनापासून पायी पाऊण तासावर आमची वस्ती. बा रेल्वेत गँगमन आहे. खांद्यावर हातोडा, काखेत गुंडाळलेल्या दोन झेंड्या, एक लाल आणि एक हिरवी. मी रोज पिंगळीहून गाडीने परभणीला कॉलेजात जायचो. मोठा दुष्काळ सरून दोन वर्षं झाली होती, पाऊस बरा होत होता, डबकी भरली होती आणि घरोघर हिवताप सुरू झाला होता.

श्रावणात मला थंडी वाजून ताप आला. एक दिवस यायचा, एक दिवस सोडायचा. त्याच आठवड्यात शेख भाई आले. ते मलेरिया खात्याचे कर्मचारी. दर पंधरा दिवसांनी सायकलवर येत, कुणाला ताप आहे का विचारत, बोटाला सुई टोचून काचेवर रक्ताचा थेंब घेत. प्रत्येक घराच्या दाराशेजारी भिंतीवर त्यांनी गेरूची एक चौकट आखलेली होती. आल्याची तारीख आणि सही तीत लिहायची, म्हणजे वरचा साहेब आला तर त्याला दिसावं. बाकीच्या घरांच्या चौकटीवर पोरं रेघोट्या ओढत. आमच्या चौकटीला हात लावायची कुणाची हिंमत नव्हती.

"सरकारी कागद हाय त्यो," बा म्हणायचा. भिंतीला तो कागद म्हणायचा.

आठ-दहा दिवसांनी शेख भाई परत आले आणि सायकल उभी करतानाच म्हणाले, "निकला रे परकाश. मलेरियाच निकला." मग पिशवीतून पाच पुड्या काढून बाच्या हातावर ठेवल्या. "पाच दिन, पाच पुडी. बीच में छोडनेका नै. छोडे तो ताप पलटके आता. पैली मेरे सामने खा."

मी त्यांच्या समोर पहिली खाल्ली. बाने उरलेल्या चार खिशात ठेवल्या. "रूळ धरून ठिवणारी एक चावी ढिली ऱ्हायली तर गाडी पडती," तो म्हणाला. "पाच म्हंजी पाच."

*

तिसऱ्या पुडीच्या दिवशी माझी लघवी कोऱ्या चहासारखी झाली. कंबर मोडल्यासारखी दुखायला लागली. मी लाजत लाजत मायला सांगितलं. तिने मला उजेडात नेलं आणि माझे डोळे फाकून पाहिले.

"माणिकला आसंच झालं व्हतं," ती म्हणाली.

माणिक म्हणजे तिचा धाकटा भाऊ, झरीचा. मी लहान असताना गेला. त्याला ताप आला होता, नंतर असाच रंग, नंतर डोळे पिवळे, आणि मग आठ दिवसांत सगळं संपलं. झरीत लोक म्हणाले, करणी झाली. कुणावर तरी आळही घेतला. बाला ही गोष्ट मुळीच खपत नसे. मी बौद्ध धम्माच्या दीक्षेनंतरच्या वर्षी जन्मलो. करणी, देवरषी, उतारा हे सगळं आम्ही दीक्षेच्या दिवशी मागे टाकलं, असं बा सांगतो, आणि तो ते मनापासून पाळतो. मायच्या तोंडी माणिकचं नाव आलं की त्याला वाटायचं, मागे टाकलेलं पुन्हा दारात आलं.

"जुनं उकरू नको," तो म्हणाला.

"मी करणी म्हणलं का? मी रंग म्हणलं. आसाच रंग व्हता. गोळ्या खाल्ल्यावरच आला व्हता."

"गोळीनं माणूस बरा व्हतो. सरकार काय माणसं मारायला गोळ्या वाटायलंय?"

"मला सरकारचं काय मालूम? मला माझ्या भावाचं मालूम हाय."

शेजारच्या काकू कुडापलीकडून म्हणाल्या, कावीळ आहे, पलीकडच्या गावी एक जण उतरवून देतो. एवढं ऐकल्यावर बा जास्तच ताठ झाला. "आमच्या घरी कुणी काय उतरवायचं न्हाई," तो म्हणाला आणि त्याने स्वतःच्या हाताने मला चौथी पुडी दिली. दुसऱ्या दिवशी पाचवी. मीही घेतली. मी सायन्सचा विद्यार्थी होतो. मायच्या डोळ्यांपेक्षा मला पुडीवरचा छाप खरा वाटला. हे कबूल करताना अजून लाज वाटते.

पाचव्या दिवशी मला दारापर्यंत चालवेना. बाने मला पाठीवर घेतलं आणि स्टेशनापर्यंत नेलं. माय मागे तांब्या घेऊन चालत होती. बाच्या मानेला घाम आला होता आणि माझी हनुवटी त्याच्यावर टेकली होती. लहानपणानंतर मी त्याच्या इतका जवळ पहिल्यांदाच आलो, हे मला तेव्हाही जाणवलं.

*

परभणीच्या दवाखान्यात ज्या डॉक्टरीणबाईंनी मला तपासलं त्यांना सगळे मॅडम म्हणत. मी दिसायला पिवळा आणि आतून पांढरा झालो होतो. त्यांनी खालची पापणी ओढून पाहिली आणि विचारलं, "काय काय औषध घेतलं?"

बाने खाकी सदऱ्याच्या खिशातून पाच कागद काढले. रिकाम्या पुड्यांचे, नीट घडी घातलेले. सरकारी कागद तो फेकत नाही. मॅडमनी ते उलगडून वाचले.

"रंग कितव्या दिवशी बदलला?"

"तिसऱ्या."

"आणि तरी पुढच्या दोन दिल्या?"

"पाच सांगितल्या व्हत्या," बा म्हणाला. गँगमन वरच्या साहेबाला जबाब देतो तशा आवाजात.

मॅडम रागावल्या नाहीत. त्यांनी दुसराच प्रश्न विचारला. "मुलाच्या आईच्या माहेरी कुणाला असं झालं होतं का?"

माय दाराशी उभी होती. इतक्या वर्षांत हा प्रश्न तिला कुणी विचारला नव्हता. तिने पदर सारखा केला आणि पुढे येऊन सांगितलं. कोणता महिना, किती गोळ्या, कितव्या दिवशी रंग आला, डोळे कधी पिवळे झाले, तो शेवटी पाणी कसं मागत होता. एकही गोष्ट ती विसरली नव्हती. मॅडमनी आधी लेखणी खाली ठेवून ऐकलं, मग उचलून सगळं लिहून घेतलं. लिहिताना म्हणाल्या, "बाई, तुम्ही फार नीट लक्षात ठेवलंत. याचा मुलाला उपयोग होईल."

बा खाली फरशीकडे पाहत होता.

दोन दिवसांनी माझ्या खाटेशी बसून तो बोलला. "लाल झेंडी हलत व्हती रे परकाश. तुझी माय हलवायली व्हती. आन् मी गाडी सोडली."

मी म्हणालो, "बा, मी पण गाडीतच होतो."

तो हसला नाही. त्याने माझ्या पायावरची चादर ओढून नीट केली आणि तशीच पुन्हा एकदा नीट केली.

*

मला रक्त द्यायचं ठरलं. बाचं जुळलं नाही. माय द्यायला तयार होती, पण तिच्या अंगात द्यायला होतंच किती? तेवढ्यात शेख भाई आले. कुणी खबर दिली कुणास ठाऊक. पिंगळीकडून सायकल मारत आले होते, टोपी घामाने भिजली होती. त्यांचं जुळलं.

"गोली मैंने दिया ना? फिर खून बी मैंच देतू," ते म्हणाले. बा हात जोडायला लागला तर त्यांनी बाचे हात खाली केले. मग माझ्याकडे वळून म्हणाले, "परकाश, अब तू आधा मेरा हो गया. ईद कू आना पडेंगा. नै आया तो बाटली वापस लेतू."

मी त्या आठवड्यात पहिल्यांदा हसलो.

मॅडमनी त्यांनाही सांगितलं की तुमची चूक नाही. गोळी चांगली आहे, हजारो लोकांना बरं करते. काही थोड्या माणसांच्या रक्ताला ती सोसत नाही, आणि ती माणसं बाहेरून ओळखू येत नाहीत.

दवाखान्यातले दिवस सगळे सारखे होते. सकाळी तापमापक, मग चहा, मग झाडूवाली बाई, मग मॅडम. माझं मात्र एक वेगळं काम होतं. रोज सकाळची लघवी एका काचेच्या बाटलीत भरून खिडकीत ठेवायची, म्हणजे रंग उतरतो आहे का ते दिसावं. मला याची फार लाज वाटायची. पण शेजारच्या खाटेवर एक म्हातारे काका होते, पाय मोडलेले, त्यांना करमणूक हवी होती. ते माझ्या बाटलीवर पैज लावायचे.

"आज गुळाच्या पाण्याइतकी आलीया!" ते सगळ्या वॉर्डाला ऐकू जाईल असं ओरडत. "काल काकवी व्हती. सुधारायलंय पोरगं."

भीती वाटायची ती दुपारी. भेटायला आलेले लोक निघून जात, पंखा बंद असे, आणि मी माझे तळहात पाहत पडून राही. त्यांच्यावरच्या रेषासुद्धा पांढऱ्या झाल्या होत्या. मरण्यापेक्षा मला एका गोष्टीची जास्त भीती वाटायची: मी गेलो तर बा कसा जगेल? त्याने स्वतःच्या हाताने पुडी दिली होती. माय त्याला काही बोलली नसती, आणि ते तिचं न बोलणं त्याला सोसलं नसतं. म्हणून मी बरा व्हायचं ठरवलं. ठरवून माणूस बरा होत नाही, हे मला माहीत आहे. पण ठरवल्यावर भाकरी खाल्ली गेली.

ज्या दिवशी बाटली पाण्यासारखी स्वच्छ निघाली त्या दिवशी काकांनी टाळ्या वाजवल्या. माय खिडकीशी गेली, बाटली उचलून उन्हात धरली आणि बराच वेळ पाहत राहिली. "माणिकची कधी आशी झालीच न्हाई," एवढंच म्हणाली.

*

घरी सोडताना मॅडमनी सांगितलं की त्यांना एक संशय आहे, पण आत्ता तपासलं तर उत्तर खोटं येईल. कमजोर पेशी सगळ्या फुटून गेल्यात, आता आहेत त्या ताज्या दमाच्या. दोन महिन्यांनी ये. मी दसऱ्यानंतर गेलो. रक्त औरंगाबादला पाठवलं, आणि दिवाळीच्या सुट्टीत मॅडमनी मला बोलावून चिठ्ठी दिली. तिच्यावर तो लांब शब्द होता आणि पुढे 'डेफिशिएंट'. म्हणजे कमी.

मी कॉलेजच्या ग्रंथालयातल्या शब्दकोशात शोधलं. सापडला नाही. मग धीर करून सरांच्या घरी गेलो. त्यांनी खडू घेतला आणि जमिनीवरच शब्द तोडून दाखवला.

"घाबरू नको, हा शब्द म्हणजे पत्ता आहे. ग्लुकोज म्हणजे साखर. तिच्या सहाव्या जागेवर फॉस्फेट चिकटलेलं. कुणाकडे जायचं, ते झालं. डी म्हणजे काढून घेणं, हायड्रोजन तुला माहीत आहे. काय काम करायचं, तेही झालं. आणि शेवटी 'एज' आलं की ओळखायचं, हा एक कामकरी आहे. शरीरात असे असंख्य कामकरी असतात. प्रत्येकाच्या नावातच त्याचं काम सांगितलेलं."

मी घरी येऊन बाला हे जसंच्या तसं सांगितलं. तो बिडी विझवून ऐकत होता. शेवटी म्हणाला, "म्हंजी नाव ऐकलं की काम कळतं?"

"हो."

"आपलं बी तसंच व्हतं. गावात नाव घेतलं की काम कळायचं, आन् कामाबिगर दुसरं काय दिसायचं न्हाई." मग बिडी पुन्हा पेटवत म्हणाला, "रक्तातल्या कामकऱ्याचं आसू दे तसं. माणसाचं नसावं."

सरांना मी हे सांगितलं तेव्हा त्यांनी खडू खाली ठेवला आणि माझ्याकडे पाहिलं.

हा शब्द कसा वापरायचा, तेही मॅडमनी शिकवलं. कुठल्याही डॉक्टरांकडे गेलो, साध्या खोकल्यासाठीसुद्धा, तरी औषध हातात घेण्याआधी म्हणायचं: मला जी-सिक्स-पीडी कमी आहे. चिठ्ठीमागे त्यांनी टाळायच्या काही औषधांची नावं लिहून दिली, आणि कपड्यांत ठेवतात त्या डांबराच्या गोळ्यासुद्धा. शेख भाईंना कळल्यावर ते गेरू घेऊन आले. बाने त्यांना भिंतीच्या चौकटीतच लिहायला लावलं: 'प्रकाश, जी-६-पीडी कमी, ही पुडी देऊ नये.' सरकारी कागदावर नोंद झाल्याशिवाय बाला ती गोष्ट खरी वाटत नाही. माय ती अक्षरं बघत म्हणाली, "माणिकच्या दाराव आसं लिवलेलं आसतं तर."

*

पण मॅडमनी अजून एक गोष्ट सांगितली होती, आणि ती मी आठवडाभर घरात बोललो नव्हतो. ही उणीव मुलाला आईकडून येते. आईला स्वतःला बहुधा काही होत नाही. बहिणीकडेही ती असू शकते, आणि मग तिच्या मुलांना धोका.

माझी अक्का चारठाण्याला दिलेली आहे. तिचा मुलगा मिलिंद पाच वर्षांचा.

माय ओसरी सारवत होती तेव्हा मी तिच्याजवळ बसलो. रक्तातल्या पेशी, ताण, कामकरी, असं काहीबाही सांगत गेलो. माझं मलाच नीट कळत नव्हतं. तिचा हात फिरत होता. मध्येच थांबून ती म्हणाली, "म्हंजी रक्तातलं सारवण करणारी बाई कमी हाय का?"

"कशी?"

"कुडाची भिंत आसती ना? रोजच्याला उभीच दिसती. सारवण नसलं तरी कुणाच्या ध्यानात येत न्हाई. वादळ आलं की मग पडती. ती गोळी म्हंजी वादळ."

सरांनी खडूने जे सांगितलं त्यापेक्षा हे सरळ होतं. नंतर मॅडमना सांगितलं तर त्या म्हणाल्या, मी आता सगळ्यांना असंच सांगेन.

पण पुढचं सांगायचं राहिलंच होतं. मी सांगितलं. शेणाने भरलेला हात तिने जमिनीवर तसाच ठेवला.

"माझ्यातून आलं म्हन."

"तुझी चूक नाही, माय. तुझ्या आईकडून तुला, तिला तिच्या..."

"माणिकला बी तिथूनच." मग पुन्हा सारवायला लागत: "अक्काला कळवायचं न्हाई."

"मिलिंदला ताप आला तर?"

"तिच्या सासरी म्हणतील, रोग लपवून पोरगी दिली. जनमभर ऐकंल ती. माझी शपथ हाय तुला."

मी आंतर्देशीय पत्र लिहिलं. अक्काला सगळं लिहिलं. पत्ताही घातला. आणि ते भौतिकशास्त्राच्या पुस्तकात ठेवून दिलं. तीन आठवडे ते तिथे होतं. रोज पुस्तक उघडलं की दिसायचं. मायची शपथ मोडायची की मिलिंदचा जीव दैवावर सोडायचा, हे मला ठरवता येत नव्हतं. दवाखान्यातल्या कुठल्याही दुपारपेक्षा ते तीन आठवडे मला वाईट गेले.

*

मग अक्काचंच पोस्टकार्ड आलं. मी ते ओसरीवर मोठ्याने वाचलं. सगळी खुशाली, कापूस बरा, सासूबाईंचे गुडघे दुखतात. शेवटी लिहिलं होतं, 'मिलिंदला चार दिवसांपासून थंडीताप आहे. मलेरियावाल्यांनी रक्त नेले आहे. तेच आहे म्हणाले तर पुड्या देणार आहेत. काळजी नसावी.'

माय उठली. हात धुतले, ठेवणीतलं लुगडं नेसली. "चिठ्ठी घे," मला म्हणाली. "मॅडमची. चल."

बा कामावर होता. रुळाच्या कडेने चालताना तो भेटला. मायने उभ्या उभ्या सांगितलं. बाने काखेतली हिरवी झेंडी काढली आणि आमच्यासमोर धरली. तेवढंच त्याचं बोलणं.

पिंगळीहून परभणी, तिथून एस.टी.ने जिंतूर, पुढे दुसऱ्या गाडीने चारठाणा. माय कधी एवढी लांब अचानक गेली नव्हती. गाडीत तिचे नुसते ओठ हलत होते. मी कान दिला. ती तो शब्द पाठ करत होती. "गुलकोज... सिक्स..."

अक्काच्या घरात शिरलो तेव्हा विहीणबाई मिलिंदला मांडीवर घेऊन बसल्या होत्या. एका हातात गुळाचा खडा, दुसऱ्या हातात उघडलेली पुडी. पुड्या त्याच सकाळी आल्या होत्या. मिलिंद तोंड घट्ट मिटून बसला होता. अक्का त्याचे पाय धरून होती.

माय सरळ पुढे गेली आणि विहीणबाईंच्या हातातून पुडी काढून घेतली. नमस्कार नाही, चमत्कार नाही.

"आता गं बया!" विहीणबाई म्हणाल्या. "पावणीनं घरात पाय टाकला न्हाई तर हातातलं हिसकायली. काय झालं वो ईहीणबाई?"

"ही गोळी लेकराला द्यायची न्हाई. माझ्या परकाशला दिली, त्यो मरता मरता वाचला. माझ्या भावाला दिली, त्यो वाचला न्हाई." पुडी पदराला बांधत माय बोलतच राहिली. "दोष माझ्या रक्तात हाय. माझ्यातून परकाशमधी गेला. माझ्यातून तुमच्या सुनंत आला आसंल, आन् तिच्यातून ह्या लेकरात. मला आगुदर मालूम नव्हतं, बुद्धाची आण. पण मालूम झाल्यावर तीन हप्ते मी गप बसले, ते माझं चुकलं. काय बोल लावायचा त्यो मला लावा. पोरीला लावू नका."

अक्का रडायला लागली. अक्काचे यजमान, आमचे दाजी, तिथल्या शाळेत मास्तर; ते नुकतेच शाळेतून आले होते, दारातच उभे राहिले. मी चिठ्ठी पुढे केली. ती घ्यायला ते खाली वाकले तेव्हा त्यांची टोपी पडली आणि त्यांचं गुळगुळीत टक्कल दिसलं. तिशीतच गेलेले केस.

विहीणबाईंनी एकदा मुलाच्या डोक्याकडे पाहिलं, एकदा मायकडे.

"ईहीणबाई, बसा आगुदर," त्या म्हणाल्या. "माझ्या पोराच्या डोक्याव केस न्हाईत. त्याच्या बाच्या न्हाईत, आज्याच्या नव्हते. लगीन ठरवताना आमी त्याला दोन दिवस टोपी काढू दिली न्हाई. तुमी इचारलं का कधी, ह्ये कुणाच्या रक्तातून आलं म्हणून?"

दाजी आपल्या आईला म्हणाले, "माय, काही तरीच काय?"

"गप रे टकल्या. चिठ्ठी वाच."

अक्का रडता रडता हसली. गुळाचा खडा विहीणबाईंच्या हातात तसाच होता. मिलिंदने तोंड उघडून तो घेतला आणि कुणाच्या लक्षात यायच्या आत गिळून टाकला.

*

दाजींनी दुसऱ्या दिवशी तिथल्या मलेरियाच्या माणसाला चिठ्ठी दाखवली. त्याने वरच्या डॉक्टरांना विचारलं आणि आम्हाला न सोसणारी पुडीतली गोळी वगळून मिलिंदला फक्त तापाच्या पांढऱ्या गोळ्या दिल्या. ताप उतरला. महिन्याभराने त्याचं रक्त औरंगाबादला गेलं, आणि तीच चिठ्ठी आली, तोच शब्द, पुढे तेच 'डेफिशिएंट'. चिठ्ठी वाचून दाखवली तेव्हा माय म्हणाली, "बरं झालं मी उठले." मी भौतिकशास्त्राच्या पुस्तकातलं पत्र काढून चुलीत टाकलं.

आता मी ठीक आहे. पूर्वीसारखा कॉलेजात जातो. ईदला शेख भाईंच्या घरी जाऊन आलो. ज्यांना हे वाचून उपयोग होणार असेल त्यांना मी तीनच गोष्टी सांगेन. कुठलीही गोळी घेतल्यावर लघवी कोऱ्या चहासारखी झाली, तर पुढची गोळी तोंडात टाकण्याआधी डॉक्टरांकडे जा. जाताना गोळीचा कागद बरोबर न्या. आणि घरातली बाई म्हणाली की मी हे आधी पाहिलं आहे, तर तिला पूर्ण बोलू द्या.

यंदा एप्रिलात, जयंतीच्या आधी, नेहमीप्रमाणे वस्तीत सगळ्यांनी घरांना चुना लावला. आमच्या घराला माय एकटीच लावते, दुसऱ्याचा हात तिला पसंत पडत नाही. मी कॉलेजातून आलो तेव्हा भिंत पांढरीशुभ्र झाली होती. फक्त दाराशेजारची ती चौकट तिने सोडली होती. गेरूची अक्षरं होती तशी, आणि त्यांच्या कडेने पट्टीने आखावी तशी सरळ चुन्याची रेघ.

शेजारच्या काकू आल्या आणि कमरेवर हात ठेवून म्हणाल्या, "परकाशची माय, तेवढा तुकडा लावायचा ऱ्हायला की वो."

माय कुंचला धूत होती. तिने मान वर केली नाही.

"ऱ्हायला न्हाई, ठिवलाय," ती म्हणाली. "आमच्या माणिकचं हाय ते."